केस गेले तर गेले, पगार जाऊ देऊ नका

या पानावर क्षयरोग, मधुमेह, पोरींच्या अंगात कमी असलेले रक्त असे विषय येतात. टकलासाठी अख्खे पान खर्ची घालावे का, असे एखाद्या वाचकाला वाटेल. घालावे, असे माझे मत आहे. केसांपायी वस्तीतला पैसा बाहेर चालला आहे, आणि ज्यांच्या हातात नुकताच पहिला पगार पडू लागला त्या पोरांच्या खिशातून तो सर्वांत जास्त चालला आहे. कोणी डिलिव्हरीचे काम करतो, कोणी कंपनीत कंत्राटावर आहे, कोणी स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करत अर्धा दिवस कुठेतरी राबतो. आरशात कपाळ वर सरकलेले दिसते आणि मोबाइल उघडला की जाहिरातींची रांग लागते: तेल, गोळ्या, तीन महिन्यांचा 'किट', हप्त्यावर केसरोपण. घरात हे तो कोणाला सांगत नाही. आईच्या बचत गटातून गाडीचे काम म्हणून पैसे उचलतो. बाप्यामाणसाने केसांसाठी जीव टाकू नये, अशी आपल्याकडे रीत. त्यामुळे खर्च गुपचूप होतो आणि फसवणूकही गुपचूपच होते.

आधी डोक्यावर काय चालले आहे ते समजून घेऊ. माणसाच्या डोक्यावर साधारण एक लाख केस असतात. प्रत्येक केस दोन ते सहा वर्षे वाढतो, मग सुमारे तीन महिने नुसता थांबून राहतो आणि गळतो. त्याच मुळातून नवा केस येतो. या चालीने निरोगी माणसाचेही रोज पन्नास ते शंभर केस गळतात. कंगव्यात किंवा उशीवर केस दिसले म्हणजे टक्कल आले, असे समजून पुष्कळ पोरे उगाच घाबरतात.

पुरुषी टकलाची तऱ्हा वेगळी. यात केसाचे मूळ मरत नाही, ते आखडत जाते. गळलेल्या केसाच्या जागी नवा केस येतो, पण आधीपेक्षा बारीक आणि आखूड. पुढच्या खेपेला आणखी बारीक. असे होत होत शेवटी नुसती लव उरते. याला कारण पुरुषाच्या अंगातलेच एक संप्रेरक आहे. टेस्टोस्टेरॉनपासून शरीर डीएचटी नावाचे आणखी जोरकस संप्रेरक तयार करते, आणि काही जणांच्या कपाळावरच्या व टाळूवरच्या केसांच्या मुळांना ते सोसत नाही. डोक्याच्या मागच्या आणि कानांवरच्या मुळांना त्याचे काही वाटत नाही, म्हणून टकल्या माणसाची झालर शेवटपर्यंत टिकते. टक्कल असलेल्याच्या अंगात हे संप्रेरक जास्त असते असेही नाही. 'टक्कल म्हणजे मर्दपणाची खूण' ही समजूत आणि 'टक्कल म्हणजे कमजोरी' ही समजूत, दोन्ही सारख्याच पोकळ आहेत.

हे कळले कसे, तेही सांगण्यासारखे आहे. जेम्स हॅमिल्टन या अमेरिकी संशोधकाने १९४२ साली अशा पुरुषांची पाहणी मांडली, ज्यांचे वृषण वयात येण्याआधीच निकामी झाले होते किंवा काढले गेले होते. त्यांच्यात टक्कल पडत नव्हते. त्यांना टेस्टोस्टेरॉन दिले, तेव्हा ज्यांच्या घराण्यात टक्कल होते त्यांचे केस जाऊ लागले, बाकीच्यांचे टिकले. म्हणजे दोन गोष्टी जुळाव्या लागतात, संप्रेरक आणि वारसा. पुढे १९७४ मध्ये कॅरिबियन समुद्रातल्या डॉमिनिकन रिपब्लिक देशातल्या काही कुटुंबांवरचा अभ्यास प्रसिद्ध झाला. त्या घरांतल्या काही मुलग्यांच्या शरीरात जन्मतः डीएचटी पुरेसे तयारच होत नव्हते. मोठेपणी त्यांची प्रोस्टेट ग्रंथी लहान राहत होती आणि टक्कलही पडत नव्हते. टकलावरची आजची गोळी त्या शोधातून पुढे आली.

वारशाबद्दल आपल्याकडे म्हणतात, मामाला टक्कल तर भाच्याला टक्कल. ते अर्धे खरे आहे. यातला एक महत्त्वाचा जनुक आईकडून येणाऱ्या एक्स गुणसूत्रावर असतो. पण बापाकडून येणारे जनुकही पुष्कळ आहेत, तेव्हा सगळा दोष मामाच्या माथी मारू नये. हेल्मेटने टक्कल पडत नाही. बोअरच्या खाऱ्या पाण्याने केस राठ होतो, तुटतो, पण त्याचे मूळ आखडत नाही. तेलाने केस मऊ राहतो, त्यापलीकडे तेलाचे काम नाही. आणि वस्तरा फिरवल्याने केस दाट येत नाहीत. श्रामणेर शिबिरात मुंडण करून आलेल्या पोराचे केस पुन्हा फुटताना जाड लागतात, कारण कापलेल्या केसाचे टोक बोथट असते. डोक्यावरची मुळे होती तेवढीच राहतात. मुंडण त्यागासाठी करतात, ते त्यासाठीच करावे.

जिममधल्या पोरांसाठी मात्र एक वेगळी गोष्ट आहे. अंग लवकर भरावे म्हणून काही ठिकाणी जी इंजेक्शने दिली जातात, ती बहुतेक पुरुषी संप्रेरकाचीच असतात. ज्याच्या घराण्यात टक्कल आहे त्याचे केस त्यांनी झपाट्याने जाऊ शकतात. वृषण आखडणे, वीर्य कमी होणे, यकृत आणि हृदय बिघडणे हे त्याहून वाईट.

आता उपचार. पुरुषी टकलावर चांगला पुरावा असलेली औषधे मुख्यतः दोनच आहेत, आणि दोन्ही दुसऱ्याच आजारासाठी निघालेली. मिनॉक्सिडिल ही मुळात रक्तदाबाची गोळी. ती घेणाऱ्यांच्या अंगावर केस वाढू लागले, तेव्हा तिचे डोक्याला लावायचे द्रावण केले, आणि १९८८ साली अमेरिकेत पुरुषांसाठी त्याला मंजुरी मिळाली. दुसरी फिनास्टेराइड. ती १९९२ मध्ये वाढलेल्या प्रोस्टेटसाठी ५ मिलिग्रॅमची गोळी म्हणून आली आणि १९९७ मध्ये टकलासाठी १ मिलिग्रॅमची. पहिले द्रावण मुळांना वाढीच्या काळात जास्त दिवस ठेवते, दुसरी गोळी डीएचटी कमी करते.

विकणारा सांगत नाही ते असे की यातले कोणतेही औषध टक्कल 'बरे' करत नाही. उरलेले केस टिकतात, काही बारीक झालेले केस पुन्हा जाड होतात. मिनॉक्सिडिलचा परिणाम दिसायला चार ते सहा महिने लागतात. सुरुवातीच्या आठवड्यांत तर केस जास्तच गळतात, आणि घाबरून पुष्कळ जण तिथेच सोडून देतात. औषध बंद केले की काही महिन्यांत मिळवलेले सगळे जाते. म्हणून पहिली बाटली घेण्याआधी हिशेब मांडावा. महिन्याला सहाशे रुपये धरले तर वर्षाचे सात हजार दोनशे, दहा वर्षांचे बहात्तर हजार. हे परवडत असेल आणि मनापासून हवे असेल तर जरूर घ्यावे, त्यात लाज वाटण्यासारखे काही नाही. परवडत नसेल तर न घेतल्याने शरीराचे काहीही बिघडत नाही. मधुमेहाची गोळी चुकवण्यासारखी ही गोष्ट नाही.

फिनास्टेराइड डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय घेऊ नये. थोड्या जणांत कामेच्छा कमी होणे, ताठरता न येणे असे त्रास होतात. मन उदास होणे, जीव नकोसा वाटणे अशाही तक्रारी नोंदल्या गेल्या आहेत. युरोपच्या औषध नियामक संस्थेने २०२५ मध्ये आत्महत्येच्या विचारांना या गोळीचा दुष्परिणाम म्हणून मान्यता दिली. आधीच मनाने खचलेल्या पोराने ही गोळी मित्राच्या सांगण्यावरून सुरू करणे धोक्याचे आहे. घरात गरोदर बाई असेल तर तिने फुटलेल्या गोळीला हात लावू नये, पोटातल्या मुलग्याच्या जननेंद्रियांच्या वाढीला त्यापासून धोका असतो. याच कारणाने रक्तदानाचा नियम येतो. १४ एप्रिलला आणि ६ डिसेंबरला आपल्याकडे ठिकठिकाणी रक्तदान शिबिरे होतात आणि पोरे उत्साहाने रांगा लावतात. फिनास्टेराइड घेणाऱ्याने शेवटच्या गोळीनंतर निदान एक महिना रक्त देऊ नये. शिबिरातल्या डॉक्टरांना गोळीचे नाव सांगावे.

बायोटिनच्या गोळ्यांचे मोठे पेव फुटले आहे. अंगात बायोटिनची कमतरता क्वचितच असते, आणि नसेल तर त्या गोळ्यांनी केस येत नाहीत. उलट जास्त मात्रेने थायरॉइडच्या आणि हृदयविकाराच्या झटक्याच्या रक्ततपासण्या चुकीच्या येऊ शकतात. छातीत दुखते म्हणून दवाखान्यात नेलेल्या माणसाचा अहवाल खोटाच चांगला येणे किती महागात पडेल, याचा विचार करा.

केसरोपण खरे आहे. मागच्या झालरीतली मुळे डीएचटीला दाद देत नाहीत, आणि ती उचलून पुढे लावली तरी आपला स्वभाव सोडत नाहीत. हे न्यूयॉर्कच्या डॉ. नॉर्मन ऑरेंट्राइख यांनी १९५० च्या दशकात दाखवून दिले. पण ही शस्त्रक्रिया आहे, फेशियल नव्हे. मार्च २०१९ मध्ये मुंबईत ४३ वर्षांच्या एका व्यावसायिकाच्या डोक्यात एकाच बैठकीत नऊ हजारांहून जास्त केस लावले गेले आणि दोनेक दिवसांत तो गेला. राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने २०२२ मध्ये स्पष्ट केले की हे काम त्याचे रीतसर शिक्षण घेतलेल्या डॉक्टरचे आहे, कार्यशाळेत किंवा यूट्यूबवर पाहून शिकणे पुरेसे नाही. तरीही गल्लीबोळांत दंतवैद्य आणि नुसते 'टेक्निशियन' डोकी भोकसत बसले आहेत. ज्याला करायचेच आहे त्याने एवढे विचारावे: चाकू कोण धरणार, त्यांची पदवी त्वचारोगातली की प्लास्टिक सर्जरीतली, आणि भूल दिल्यावर जीव घाबरा झाला तर प्राणवायू, औषधे आणि ती देणारा माणूस तिथे आहे का. उत्तर देताना समोरचा सवलतीच्या गोष्टी काढू लागला तर उठून यावे.

बाविसाव्या वर्षी रोपण करू नये, असेही माझे स्पष्ट मत आहे. त्या वयात टक्कल कुठवर जाणार ते कोणालाच सांगता येत नाही. पुढे लावलेले केस राहतात, त्यांच्या मागचे मूळचे केस जात राहतात, आणि पस्तिशीत कपाळावर केसांची एक पट्टी आणि मागे मोकळे मैदान, असा प्रकार होतो. मागच्या झालरीतला साठाही मर्यादित असतो. एकदा उपसला की पुन्हा भरत नाही.

तेलवाल्यांचे काय सांगावे! मार्च २०२५ मध्ये पंजाबातल्या संगरूरला टकलावरच्या औषधाचे 'शिबिर' भरले. डोक्याला तेल चोळून घेतलेल्या साठाहून अधिक लोकांचे डोळे लाल होऊन सुजले आणि त्यांना दवाखाना गाठावा लागला. आपल्या देशाच्या औषध नियमावलीत, १९४५ पासूनच्या, 'जे' नावाचे परिशिष्ट आहे. जे आजार आपल्या औषधाने बरे होतात असा दावा कोणत्याही औषधाला करता येत नाही, अशांची ती यादी. तिच्यात टक्कल आहे, आणि नवे केस उगवून देण्याचा दावाही आहे. तेव्हा 'एकवीस दिवसांत खात्रीने केस' असा फलक लावणारा कायद्याच्या बाहेर उभा आहे. अन्न व औषध प्रशासनाच्या जिल्हा कार्यालयात फलकाचा फोटो जोडून साधा अर्ज देता येतो. मंडळाच्या पोरांनी वर्षाला असे दोन अर्ज दिले तरी तंबू ठोकणारे दुसरा रस्ता धरतील.

पण पोरगा या तंबूत शिरतो का, तेही बघायला हवे. त्याला आत ढकलणारे आपणच असतो. वधू-वर परिचय मेळाव्यात पोरगा मंचावर आला की मागच्या रांगेतून "वय जास्त दिसतंय" असे ऐकू येते. शिक्षण, नोकरी, दारू पितो की नाही, हे विचारायच्या आधी डोके पाहिले जाते. पोरींच्या रंगावरून जे चालते तेच हे. रंगाबद्दल निदान आता कोणी तरी उठून बोलते. टकल्या म्हणून हाक मारणे अजून विनोदात जमा होते. विशीतल्या पोराच्या मनाला हे किती लागते ते घरच्यांना कळत नाही. तो टोपी घालून फिरू लागतो, फोटोत मागे उभा राहतो, लग्नाकार्याला जायचे टाळतो. अशा पोराला तेलाच्या बाटलीआधी घरात बसून बोलणारे माणूस हवे. उदासी फारच वाढली तर सरकारी दवाखान्याच्या मानसोपचार विभागात न्यावे.

टकलाचा शरीराला एरवी त्रास नाही. उन्हात काम करणाऱ्याने डोके झाकावे, एवढेच. मात्र कमी वयात टाळूवर टक्कल पडलेल्यांत हृदयविकाराचे प्रमाण काहीसे जास्त दिसल्याचे अभ्यास आहेत. टकलामुळे हृदय बिघडते असा त्याचा अर्थ नाही. पण तिशीच्या आत टाळू उघडी पडलेल्या पोराने तेलावर घालवायच्या पैशांत रक्तदाब आणि साखर तपासून घेतली, तंबाखू-बिडी सोडली, तर तो खर्च कारणी लागेल.

आतापर्यंत बोललो ते वर्षानुवर्षे हळूहळू, कपाळाकडून किंवा टाळूवरून जाणाऱ्या केसांबद्दल. त्यांची घाई नको. अचानक जाणाऱ्या केसांचे मात्र तसे नाही, तिथे उशीर नको.

टायफॉइड, डेंग्यू, कोविड, मोठे ऑपरेशन किंवा उपासमारीचे डाएट यांनंतर दोन-तीन महिन्यांनी केस मुठीने गळू लागतात. तोवर ताप विसरलेला असतो, म्हणून संबंध लक्षात येत नाही. हे बहुतेक वेळा सहा महिन्यांत आपोआप भरून येते. थायरॉइड किंवा रक्तक्षय असेल तर तपासणीत कळते. चाई म्हणजे रुपयाएवढा गुळगुळीत गोल चट्टा. किड्याने केस खाल्ले, असे म्हणतात. खरे तर शरीराची संरक्षक यंत्रणाच केसांच्या मुळांवर उलटलेली असते. छोटी चाई पुष्कळदा वर्षभरात स्वतःच भरते, नाहीतर त्वचारोगतज्ज्ञ चट्ट्यात इंजेक्शन देतात. लसूण आणि बिब्बा घासून कातडी जाळू नये. लहान पोराच्या डोक्यावर खपल्या धरलेला, तुटक केसांचा, खाजरा चट्टा असेल तर तो बहुतेक नायटा असतो. तो कंगव्याने आणि टोपीने पसरतो, आणि त्याला पोटात घ्यायचेच औषध लागते, नुसत्या मलमाने जात नाही. ही सगळी औषधे घाटीत, ससूनमध्ये, केईएममध्ये, जिल्हा रुग्णालयात मिळतात. १५ ऑगस्ट २०२३ पासून राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाच्या दवाखान्यांत तपासणी आणि उपचार मोफत आहेत. रांग मोठी असते हे खरे, पण तिथला डॉक्टर तुम्हाला किट विकत नाही.

आणि मग बुलढाणा. डिसेंबर २०२४ च्या अखेरीपासून शेगाव तालुक्यातल्या बोंडगाव, कालवड, हिंगणा या गावांत बाया, पुरुष, पोरे, सगळ्यांचेच केस नुसत्या ओढीने हातात येऊ लागले. तीन-चार दिवसांत डोकी मोकळी झाली. पाहता पाहता अठरा गावांत २७९ जणांची नोंद झाली. आधी पाण्यावर संशय गेला, मग बुरशीवर, शाम्पूवर. आयसीएमआरचे पथक येऊन नमुने घेऊन गेले. महाडचे डॉ. हिंमतराव बावसकर, विंचूदंशावरच्या संशोधनामुळे आपल्याला माहीत असलेले, स्वतः गावांत गेले, लोकांचे रक्त, लघवी, केस आणि खाण्यातले धान्य तपासून घेतले. त्यांचा निष्कर्ष असा की रेशनवर आलेल्या गव्हात सेलेनियम हे द्रव्य कैकपटीने जास्त होते आणि रुग्णांच्या अंगातही ते वाढलेले होते, जस्त कमी होते. सेलेनियम शरीराला अगदी कणभर लागते. जास्त झाले की केस आणि नखे जातात, ही वैद्यकाला जुनीच माहिती. एप्रिल २०२५ मध्ये त्याच भागातल्या काही लोकांची नखे तडकून गळू लागल्याच्या बातम्या आल्या.

त्या काळात पोरापोरींची शाळा-कॉलेजे सुटली, ठरती लग्ने मोडली. जे ताटात आले ते खाल्ले म्हणून झालेल्या आजाराची लाज रेशन खाणाऱ्यालाच वाटली, याचा मला राग येतो. आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी तोच गहू येतो. दुकानातल्या पोत्यापर्यंत पोहोचण्याआधी धान्यातली अशी द्रव्ये तपासली जातात का, आणि तपासली तर त्याचा कागद लोकांना दिसतो का, हे विचारण्याचा आपल्याला हक्क आहे. रेशन दुकानाच्या दक्षता समितीत आपल्या वस्तीचे कोण आहे, हे तरी माहीत करून घ्यावे.

वस्तीत तीन-चार घरांत एकाच आठवड्यात केस जाऊ लागले, सोबत डोके दुखणे, मळमळ, हातापायांना मुंग्या असे काही असेल, तर तेल शोधत बसू नये. आशाताईंना बोलवावे, प्राथमिक आरोग्य केंद्रात नोंद करून तिची प्रत घ्यावी. घरातला गहू-पीठ लगेच बंद करावे पण फेकू नये. दोन मुठी गहू कोरड्या डब्यात, पोते कोणत्या तारखेला आणि कोणत्या दुकानातून आले ते चिठ्ठीवर लिहून, बाजूला ठेवावा. गळलेले केसही कागदाच्या पुडीत नाव आणि तारीख घालून ठेवावेत. तपासणीचे पथक आले की पहिल्यांदा हेच मागते.